पुरलेल्या फिती व त्यांचा संपादक
(बिल मॉरिसन यांच्या दोन चित्रपटांचें परीक्षण)

जुन्या कागदांच्या शोधांत ज्यांनीं आयुष्य घालविलें त्यांस एक गोष्ट सांगावयास नको. दप्तरें बहुधा कोणी मुद्दाम जपलीं म्हणून आपल्या हातीं येत नाहींत; टाकून द्यावयाचीं राहून गेलीं म्हणून येतात. माळ्यावरचा पेटारा, भिंतींत बुजविलेला कोनाडा, वाण्याच्या दुकानांतील पुड्या बांधण्याची रद्दी, यांतून जें बाहेर पडलें त्यावरच आमच्या इतिहासाचा बराच भाग उभा आहे. कै. राजवाडे यांनीं १८९८ सालीं 'मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें' या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला. त्या मालेनें घालून दिलेल्या वाटेनें जाणारा संशोधक कागद छापण्यापूर्वीं तीन प्रश्न स्वतःस विचारतो : हा कोठें सांपडला, याचा किती भाग गेला, आणि संपादकानें आपल्या पदरचें यांत काय घातलें.

हेच तीन प्रश्न चलच्चित्रांच्या जुन्या फितींस लावून पाहावे, हा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे. त्यासाठीं आम्हीं अमेरिकन चित्रपटकार बिल मॉरिसन यांच्या दोन कृति निवडल्या आहेत : 'डिकेशिया' (२००२) व 'डॉसन सिटी : फ्रोझन टाइम' (२०१६). संशोधनास वाहिलेल्या पानांत सिनेमाचें काय काम, असें कोणी वाचक विचारतील. त्यांस आमचें उत्तर एवढेंच कीं, फीत हाहि एक प्रकारचा लेखच होय. लेखणी तेवढी निराळी. आणि या विशिष्ट चित्रपटकाराच्या हातून जें घडलें व जें राहिलें, त्यांत आमच्या धंद्याचे गुणदोष आरशांतल्याप्रमाणें दिसतात.

१

मॉरिसन यांचा जन्म १९६५ सालीं शिकागो येथें झाला. त्यांचें शिक्षण चित्रकलेचें. स्वतः कॅमेरा चालवून नवीं दृश्यें टिपण्यापेक्षां दुसऱ्यांनीं पूर्वीं टिपलेलीं, विसरलेलीं व बहुधा नासलेलीं दृश्यें वेंचून त्यांची नवी गुंफण करणें, हा त्यांचा मुख्य व्यवसाय आहे. ही रीत त्यांनीं काढलेली नव्हे. रशियांतील एस्फिर शुब या बाईंनीं १९२७ सालीं 'रोमानोव्ह राजवंशाचें पतन' हा चित्रपट जुन्या वार्तापटांतून व राजघराण्याच्या खासगी फितींतून जुळविला. झारच्या कौतुकासाठीं घेतलेलीं चित्रें त्यांनीं झारविरुद्ध साक्षीस उभीं केलीं. न्यूयॉर्कच्या जोसेफ कॉर्नेल यांनीं १९३६ सालीं 'ईस्ट ऑफ बोर्निओ' (१९३१) हा सामान्य बोलपट कापून त्यांतील एका नटीच्या मुद्रा तेवढ्या ठेवल्या, व निळ्या कांचेंतून तो दाखविला. ब्रूस कॉनर यांचा १९५८ चा बारा मिनिटांचा 'ए मूव्ही' हाहि अशाच उसन्या तुकड्यांचा.

या तिघांच्या हातीं जुनी फीत हा कच्चा माल होता. तिच्यावरील ओरखडे, डाग व कसर हा त्यांच्या दृष्टीनें विषयच नव्हता. मॉरिसन यांनीं ती कसर हाच विषय केला. हस्तलिखितांच्या संग्राहकास या चित्रपटकाराविषयीं जी जवळीक वाटावी ती येथूनच.

२

ही कसर कशी लागते तें थोडक्यांत सांगणें अवश्य आहे. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत चित्रगृहांत दाखविल्या जाणाऱ्या बहुतेक फिती सेल्युलोज नायट्रेट या द्रव्याच्या होत्या. स्फोटक म्हणून वापरला जाणारा गनकॉटन व ही फीत हीं एकाच कुळांतलीं. ती पेटली म्हणजे जळण्यास लागणारा प्राणवायु स्वतःच पुरविते. पाण्यांत बुडविली तरी विझत नाहीं. न जळतां राहिली तरी ती हळूहळू सडते. चित्र फिकें होतें, वरचा सरसाचा थर चिकट होतो, त्यावर फोड येतात, वेढे एकमेकांस चिकटून गोळा होतो, आणि शेवटीं डब्यांत तपकिरी भुकटी उरते. सडतांना निघणारा आम्लयुक्त वायु शेजारच्या डब्यांसहि बाधतो. जुन्या पोथ्यांतून जंगालाचा हिरवा रंग ज्या रेघेवर भरला तेथें तो कागदासच खातो, हें आमच्या वाचकांनीं पाहिलें असेल. त्यांतला व यांतला फरक एवढाच कीं येथें रंग नव्हे तर कागदच कागदास खातो.

मॉरिसन यांच्या १९९६ च्या 'द फिल्म ऑफ हर' या लघुपटाचा विषय याच संदर्भांत ध्यानांत घेण्याजोगा आहे. १९१२ पूर्वीं अमेरिकेच्या कायद्यांत चलच्चित्राच्या हक्कनोंदणीची सोय नव्हती. छायाचित्रांची मात्र होती. म्हणून चित्रपट तयार करणारे लोक संपूर्ण फितीची नक्कल कागदाच्या लांबच लांब गुंडाळीवर छापून काँग्रेसच्या ग्रंथालयांत जमा करीत. पुढें नायट्रेटच्या अस्सल फिती जळाल्या, सडल्या, हरवल्या. आणि केवळ कायद्याची पूर्तता म्हणून दिलेल्या या कागदी नकलांवरून सुमारें तीन हजार चित्रपट परत मिळाले. अस्सल गेलें व नक्कल राहिली, हा प्रकार आमच्या दप्तरखान्यांतला रोजचाच आहे.

३

'डिकेशिया' हा सुमारें सत्तर मिनिटांचा चित्रपट. मायकेल गॉर्डन यांच्या वाद्यसंगीतासह तो प्रथम २००१ सालीं स्वित्झर्लंडमधील बाझल येथें सादर झाला. २०१३ सालीं अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदींत त्याचा समावेश झाला, व एकविसाव्या शतकांतील चित्रपटांपैकीं हा मान प्रथम त्यास मिळाला. यांत निवेदन नाहीं, संवाद नाहींत, पाट्या नाहींत. निरनिराळ्या संग्रहालयांतील नासलेल्या फितींचे तुकडे मूळच्यापेक्षां मंद गतीनें एकामागून एक येतात. आरंभीं गिरक्या घेणारा दरवेशी. वाळवंटांतून जाणारा उंटांचा तांडा. ख्रिस्ती जोगिणी व त्यांच्या पुढून जाणारीं मुलें. आकाशपाळण्यासारख्या एका यंत्राच्या गाड्या, ज्या सडलेल्या भागाच्या उकळत्या खळबळींतून एकदम बाहेर पडतात.

या सर्वांत मुष्टियोद्ध्याचें दृश्य विशेष प्रसिद्ध झालें आहे, व तें योग्यच. मुळांत तो गडी लटकत्या पिशवीवर ठोसे मारण्याचा सराव करीत होता. पिशवी जेथें होती तेवढाच फितीचा भाग सडला. त्यामुळें आतां तो एका खवळलेल्या, आकार बदलणाऱ्या स्तंभाशीं झुंजतांना दिसतो, आणि तो स्तंभ म्हणजे त्याच्याच चित्राचा नाश. पाहणारा क्षणभर स्तब्ध होतो. आम्हीहि झालों.

परंतु स्तब्धता ओसरल्यावर संशोधकाचे प्रश्न उभे राहतात. हा योद्धा कोण? फीत कोणत्या सालची, कोणत्या चित्रपटांतली? मुळांत पिशवी होती ही गोष्ट बाहेरून माहिती असल्यावांचून कळावयाची कशी? पडद्यावर याचा कोठेंहि उल्लेख नाहीं. एखाद्या संपादकानें शंभर निरनिराळ्या पोथ्यांचीं वाळवीनें खाल्लेलीं पानें एकत्र बांधून, कोणतें पान कोणत्या पोथीचें हें न सांगतां ग्रंथ प्रसिद्ध करावा, तसा हा प्रकार आहे. आमच्या पहिल्या प्रश्नास 'डिकेशिया' उत्तर देत नाहीं. दुसऱ्यास आवश्यकतेपेक्षां अधिक देतो. तिसऱ्यास मात्र फसवें देतो. फसवें म्हणण्याचें कारण असें : हा सर्व खेळ काळानें केला, संपादकानें केवळ दाखविला, असा पाहणाऱ्याचा समज होतो. वस्तुतः सडलेल्या फितींचा बहुतेक भाग निरर्थक चिखल असतो. चित्र व नाश यांची अशी अर्थपूर्ण गांठ पडलेल्या जागा पुष्कळ धुंडाळून वेंचाव्या लागतात. ती वेंचणी, तो क्रम व ती मंद केलेली गति हीं संपादकाचीं आहेत. काळाच्या नांवावर खपविलेलें हें कर्तृत्व त्यानें आपल्या नांवें मांडावयास हवें होतें.

तरीहि या कृतीस आम्ही निरुपयोगी म्हणत नाहीं. जुने कागद छापतांना आमच्यापैकीं बहुतेकजण मजकूर घेतात व कागद टाकतात. 'येथें पत्र फाटलें आहे' एवढे शब्द कंसांत घातले कीं आपलें कर्तव्य संपलें असें वाटतें. फाटलें कसें, घडीवर कीं कडेला, पाण्यानें कीं उंदरानें, याची नोंद किती छापील खंडांत सांपडेल? त्या पत्राचा पुढचा सर्व प्रवास त्या फाटण्यांत असतो. एखाद्या साधनाची दुर्दशा हेंहि साधन आहे, हें 'डिकेशिया'नें जितक्या ठसठशीतपणें दाखविलें तितकें दुसऱ्या कोणीं दाखविल्याचें आम्हांस स्मरत नाहीं. काव्य म्हणून आम्ही त्यास मान देतों. साधनग्रंथ म्हणून नाहीं.

४

आतां दुसरी कृति. कॅनडाच्या वायव्य कोपऱ्यांत क्लोंडाइक व युकॉन या नद्यांच्या संगमावर डॉसन हें गांव आहे. तेथें पिढ्यान् पिढ्या हान लोकांची मासेमारीची जागा होती. १८९६ च्या ऑगस्टांत जवळच्या एका ओढ्यांत सोनें सांपडलें, आणि दोन वर्षांत तेथें सुमारें तीस हजारांची वस्ती झाली. हान लोकांस नदीच्या खालच्या बाजूस मूसहाइड येथें जावें लागलें. सोन्याचा भर ओसरल्यावर वस्तीहि ओसरली. पण चित्रगृहें राहिलीं. चित्रपटांच्या वाटपसाखळीचें डॉसन हें शेवटचें टोंक असल्यानें इतरत्र प्रसिद्ध झालेला चित्रपट तेथें पोंचेपर्यंत दोन-तीन वर्षें जात. तेवढ्यांत त्याची किंमत संपे, आणि परत पाठविण्याचा खर्च कंपन्यांस नको असे. म्हणून त्या फिती स्थानिक बँकेच्या देखरेखीखालीं ग्रंथालयाच्या तळघरांत सांठत गेल्या.

१९२९ सालीं तळघर भरलें. बोलपटांच्या आगमनानें मूकपटांस कोणी विचारीनासें झालें होतें. कांहीं फिती जाळल्या, कांहीं युकॉन नदींत टाकल्या. त्याच सुमारास गांवच्या क्रीडागृहांतील पोहण्याचा तलाव बुजवावयाचा होता, कारण हिवाळ्यांत त्याच्यावर बर्फाचें जें हॉकीचें मैदान होई तें समतल राहत नसे. शेंकडों रिळें तलावांत टाकून वर माती लोटली, व त्यांवर मुलें पुढें हॉकी खेळलीं. १९७८ सालीं नव्या इमारतीसाठीं खोदकाम चालू असतां यंत्राच्या फाळाशीं या फिती वर आल्या. मायकेल गेट्स व स्थानिक संग्रहालयाच्या कॅथी जोन्स यांनीं त्या सांभाळल्या, व राष्ट्रीय दप्तरखान्याचे सॅम कुला यांनीं त्यांचें महत्त्व ओळखून त्या ओटावा येथें नेण्याची खटपट केली. हा ज्वालाग्राही माल न्यावयास व्यापारी वाहतूकदार तयार होईनात, तेव्हां लष्करी विमान आणावें लागलें. एकंदर ५३३ रिळें वांचलीं. त्यांत ३७२ निरनिराळे चित्रपट निघाले, आणि त्यांपैकीं पुष्कळांची दुसरी प्रत जगांत उपलब्ध नव्हती. अमेरिकन चित्रपट पुढें काँग्रेसच्या ग्रंथालयाकडे गेले.

फिती वांचल्या त्या गोठलेल्या जमिनीमुळें. शीतपेटींत ठेवाव्या तशा त्या राहिल्या. उकरून काढल्यावर मात्र वितळलेलें पाणी वेढ्यांच्या कडांत शिरलें व तेथील चित्राचा थर सुटला. तेव्हांपासून डॉसनच्या फितींच्या दोहों कडांस एक पांढरी, थरथरणारी लाट दिसते.

५

दोन तासांच्या या चित्रपटांत मॉरिसन यांनीं ही संपूर्ण हकीकत मुख्यतः त्या फितींच्या, जुन्या छायाचित्रांच्या व पडद्यावरील लेखी मजकुराच्या साह्यानें सांगितली आहे. 'डिकेशिया'च्या कर्त्यानें चौदा वर्षांत केवढी मजल मारली तें येथें दिसतें. दृश्य आलें कीं त्याच्याजवळ चित्रपटाचें नांव व साल येतें. प्राप्तिस्थान हा तर कथेचा गाभाच. फितीचा जो भाग गेला तो झांकलेला नाहीं.

कडेची ती पांढरी लाट येथें अलंकार राहत नाहीं. पहिल्या अर्ध्या तासांत पाहणाऱ्याचे डोळे तिला सरावतात, आणि मग ती दिसतांच 'ही फीत डॉसनची' असें त्यास न सांगतां कळूं लागतें. जाणता संग्राहक कसरीच्या भोंकांवरून व डागांच्या रांगेवरून पान कोणत्या दप्तरांतलें तें ओळखतो, तेंच हें ज्ञान. नाशाची खूण अस्सलपणाची मुद्रा ठरली. दोन कृतींतील फरक एका वाक्यांत सांगावयाचा तर हाच : पहिलींत डाग पाहून आपण चकित होतों, दुसरींत डाग वाचावयास शिकतों.

साधन म्हणूनहि या रिळांचें मोल मोठें आहे. १९१९ च्या अमेरिकन बेसबॉलच्या अंतिम सामन्यांत शिकागोच्या खेळाडूंनीं लांच घेऊन खेळ हरल्याचें प्रकरण प्रसिद्ध आहे. त्या सामन्यांचा वार्तापट डॉसनच्या तलावांत निघाला. ज्या खेळाविषयीं आजवर जबान्या व वर्तमानपत्रें वाचावयाचीं, तो प्रत्यक्ष पाहण्यास मिळाला.

तथापि तिसऱ्या प्रश्नाशीं येऊन आम्हांस थांबावें लागतें. सोन्याच्या धांवपळीची खरी हकीकत चालू असतां मॉरिसन अनेकदां कथापटांचे तुकडे जोडतात. जुगाराचा विषय निघाला कीं कोणा नटांचा जुगार. पत्राचा निघाला कीं कोणा नटीचें पत्र फोडून वाचणें. हे तुकडे फितींच्या त्याच ढिगांतले असले, तरी त्या घटनेचे नाहींत. आमच्या बखरींत लढाईचें वर्णन येतें, त्यांतील बाणांचा पाऊस व रक्ताचे पूर हे बखरकारानें पाहिलेले नसतात. तो वर्णनाचा ठरलेला सांचा असतो, व जाणता वाचक तो सोडून बाकीचें घेतो. मॉरिसन यांची ही योजना त्या जातीची आहे. नांव व साल दिलेलें असल्यामुळें तिला लबाडी म्हणतां येत नाहीं. परंतु पडद्यावरचें अक्षर वाचीपर्यंत दृश्य निघून जातें, आणि मनावर दृश्य राहतें, अक्षर राहत नाहीं. छापील ग्रंथांत वाचक पान उलटून मागें जाऊं शकतो. येथें ती सोय चित्रगृहांत बसलेल्यास नाहीं. म्हणून ज्याच्या हातीं हें माध्यम आहे त्याची जबाबदारी आमच्यापेक्षां अधिक आहे, कमी नाहीं.

दुसरा दोष संगीताचा. अ‍ॅलेक्स सोमर्स यांचें संगीत मंद व उदास असून तें बहुतेक सर्वत्र पसरलेलें आहे. त्यामुळें हंसविण्यासाठीं केलेला तुकडाहि शोकगीतासारखा भासतो. जुनें तें सर्व करुण, असा समज इतिहासाच्या कामीं घातक आहे. ज्यांनीं त्या फिती पाहिल्या ते लोक हंसत होते, शिट्या घालीत होते. त्यांचें तें हंसणेंहि साधनांतच मोडतें.

तिसरी गोष्ट दोष म्हणून नव्हे, मर्यादा म्हणून सांगतों. हान लोकांच्या विस्थापनाचा उल्लेख मॉरिसन करतात, पण तो थोडक्यांत आटपतो. कॅमेरा ज्यांच्या हातीं होता त्यांच्याच फिती तलावांत पडल्या. ज्यांनीं लिहिलें नाहीं त्यांचें दप्तर सांपडत नाहीं, हें दुःख आमच्या ओळखीचें आहे. सांपडलेल्यावरच सर्व भिस्त ठेवणाऱ्या संशोधकानें न सांपडलेल्याची जागा मोकळी दाखविली पाहिजे.

६

हा सर्व विचार दूरच्या कॅनडापुरता नाहीं. दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजीं मुंबईस कॉरोनेशन चित्रगृहांत लागला. त्याच्या चार रिळांपैकीं पहिलें व शेवटचें अशीं दोनच आज शिल्लक असल्याचें मानलें जातें. तींहि १९१३ चीं नसून फाळके यांनीं त्याच कथेवर पुन्हां केलेल्या १९१७ च्या चित्रपटाचीं असावींत, असा कांहीं अभ्यासकांचा पक्ष आहे. हा वाद अस्सल कोणतें व मागाहूनचें कोणतें याचा, म्हणजे शुद्ध पाठचिकित्सेचा आहे. आणि तो उद्भवला याचें कारण त्या रिळांबरोबर त्यांची जन्मकथा आली नाहीं. पुढें २००३ च्या जानेवारींत पुण्यांत नायट्रेट फितींच्या कोठारास आग लागली, व आमच्या मूकपटांच्या वारशाचा मोठा भाग त्यांत गेला. आमच्या जमिनीस गोठून राहण्याचा गुण नाहीं. येथें पुरलेलें सडतें, आणि ठेवलेलें जळतें.

म्हणून आमच्या संग्राहक बंधूंस विनंति आहे. पोथ्यांच्या शोधांत एखाद्या वाड्यांत किंवा बंद पडलेल्या चित्रगृहांत जुन्या फितीचा डबा आढळला, तर तो भंगारांत जाऊं देऊं नये. आणि उत्साहाच्या भरांत स्वतः उलगडूंहि नये, दिव्याजवळ नेऊं नये, इतर डब्यांत मिसळूं नये. कोणाच्या घरीं, कोणत्या जागीं, कशाशेजारीं मिळाला तें त्याच दिवशीं लिहून ठेवावें, व जाणत्या संस्थेस कळवावें. डब्यावरील फाटकी चिठ्ठी फितीइतकीच मोलाची समजावी.

मॉरिसन यांच्याविषयीं आमचा निर्णय येणेंप्रमाणें आहे. 'डिकेशिया'त ते कवि आहेत व संपादकाचें ऋण त्यांनीं फेडलेलें नाहीं. 'डॉसन सिटी'त तें बरेंचसें फेडलें आहे. डॉसनच्या रिळांतील प्रत्येक तुकडा कोणत्या रिळांतला, व कथेच्या सोयीसाठीं कोणता बाहेरून बसविला, याचें यादीपत्र चित्रपटाच्या जोडीनें कोणी सिद्ध करील तर उरलेलेंहि फिटेल. तें काम चित्रपटकाराचें नाहीं, आमच्यासारख्यांचें आहे. आणि तें करण्याजोगें आहे, इतकी योग्यता या कृतीस निःसंशय आहे.